संस्थेविना उभी राहिलेली कारकीर्द : दिग्दर्शक राजा परांजपे यांच्या चित्रपटकार्याचा एक अभ्यास

प्रस्तावना

विसाव्या शतकाच्या मध्यावर जगातील अनेक छोट्या-मोठ्या भाषांतील चित्रपटाला स्वतंत्र चेहरा प्राप्त झाला. जपान, इटली, स्वीडन आणि बंगाल यांची उदाहरणे चित्रपटविषयक लेखनात नेहमी दिली जातात. त्याच काळात मराठीतही एक महत्त्वाचा दिग्दर्शक सातत्याने चित्रपट निर्माण करीत होता. ते नाव म्हणजे राजा परांजपे (२४ एप्रिल १९१० – ९ फेब्रुवारी १९७९). ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’, ‘ऊन पाऊस’, ‘जगाच्या पाठीवर’, ‘हा माझा मार्ग एकला’, ‘पाठलाग’ ही त्यांच्या चित्रपटांची नुसती नावे वाचली तरी मराठी चित्रपटाचा एक संपूर्ण कालखंड डोळ्यांसमोर उभा राहतो.

असे असूनही परांजपे यांच्याविषयीचे लेखन बहुधा आठवणींच्या स्वरूपाचे असते. ‘मराठी चित्रपटाचा सुवर्णकाळ’ असा गौरवाचा शब्द वापरला जातो आणि विवेचन तेथेच थांबते. हा सुवर्णकाळ कोणत्या व्यवस्थेमुळे शक्य झाला, तो का टिकला नाही आणि त्यात दिग्दर्शकाचे नेमके कर्तृत्व कोणते, हे प्रश्न अनुत्तरित राहतात. प्रस्तुत लेखात या प्रश्नांचा विचार करण्याचा प्रयत्न केला आहे. तुलनेसाठी स्वीडनमधील समकालीन दिग्दर्शक इंगमार बर्गमन (१९१८–२००७) यांच्या कारकिर्दीचा आधार घेतला आहे. दोघांच्या कलात्मक उंचीची मोजदाद करणे हा या तुलनेचा हेतू नाही. एका दिग्दर्शकाच्या पाठीशी संस्था असणे आणि दुसऱ्याच्या पाठीशी ती नसणे याचा कारकिर्दीवर कोणता परिणाम होतो, एवढेच येथे पाहावयाचे आहे.

लेखाची उद्दिष्टे

१. राजा परांजपे यांच्या दिग्दर्शकीय कारकिर्दीची पार्श्वभूमी स्पष्ट करणे.
२. परांजपे, ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांच्या सहकार्याचे स्वरूप समजून घेणे.
३. निवडक चित्रपटांच्या आधारे त्यांच्या दृष्टीचा शोध घेणे.
४. या कारकिर्दीचा वारसा कोठे व कसा टिकला, याचा विचार करणे.

१. पार्श्वभूमी : कोसळती चित्रसंस्था

मराठी चित्रपटाची पहिली मोठी झेप ही संस्थांची झेप होती. १९२९ मध्ये कोल्हापूर येथे स्थापन झालेली आणि १९३३ मध्ये पुण्यास स्थलांतरित झालेली प्रभात फिल्म कंपनी हे तिचे ठळक उदाहरण होय. अशा संस्थेत लेखक, नट, संगीतकार, छायालेखक, रंगभूषाकार, सुतार ही सर्व मंडळी मासिक वेतनावर असत. एक चित्रपट अपयशी ठरला तरी दुसऱ्या दिवशी माणसे कामावर येत. दिग्दर्शकाला प्रयोग करण्याची मुभा मिळे, कारण अपयशाचा भार संस्था उचलीत असे.

चाळिशीच्या दशकात ही व्यवस्था झपाट्याने मोडकळीस आली. १९४२ मध्ये व्ही. शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि त्यांनी मुंबईत राजकमल कलामंदिर उभारले. १९४७ मध्ये मास्टर विनायक यांचे निधन झाले. १९४८ मध्ये गांधीहत्येनंतर उसळलेल्या दंगलीत भालजी पेंढारकर यांचा कोल्हापूर येथील जयप्रभा स्टुडिओ जळाला. पुढे १९५३ च्या सुमारास प्रभातचे कामही थांबले. ज्या जागेवर प्रभातची चित्रनगरी होती तेथे १९६० मध्ये केंद्र शासनाची चित्रपट प्रशिक्षण संस्था सुरू झाली.

परांजपे यांच्या दिग्दर्शनाचा आरंभ नेमका १९४८ मध्ये झाला, ही बाब लक्षणीय आहे. ज्या वर्षी कोल्हापूरच्या चित्रसृष्टीवर मोठा आघात झाला त्याच वर्षी ‘जिवाचा सखा’ आणि ‘बलिदान’ हे त्यांचे चित्रपट आले. म्हणजे त्यांच्या वाट्याला चित्रसंस्थांचे वैभव आले नाही. त्या वैभवाच्या काळात घडलेली, परंतु आता विखुरलेली माणसे मात्र आली. त्यांच्या पुढील सर्व कार्याचे मर्म या एका वस्तुस्थितीत आहे.

२. नट ते दिग्दर्शक

परांजपे यांचा जन्म मिरजेचा. नाट्य आणि संगीत या दोन्ही कलांची परंपरा असलेले हे गाव. ते प्रथम नट म्हणून रंगभूमीवर आणि पडद्यावर वावरले व नंतर दिग्दर्शनाकडे वळले. हा क्रम महत्त्वाचा आहे. छायालेखन किंवा संकलन या तांत्रिक अंगांकडून दिग्दर्शनाकडे आलेल्या व्यक्तीची दृष्टी आणि अभिनयाकडून आलेल्या व्यक्तीची दृष्टी यांत फरक असतो. नटाला प्रसंग मुख्यतः माणसांच्या परस्पर वागण्यातून दिसतो. कोण कोणाकडे पाहते, कोण बोलता बोलता थांबते, कोणाच्या उत्तराला किती विलंब लागतो, यावर त्याचे लक्ष असते. परांजपे यांचे चित्रपट आजही ज्या कारणाने पाहवतात ते कारण येथे सापडते.

१९५० मध्ये आलेल्या ‘पुढचं पाऊल’ या चित्रपटात पु. ल. देशपांडे आणि हंसा वाडकर यांच्या भूमिका होत्या. पु. ल. देशपांडे हे तेव्हा चित्रसृष्टीत धडपडणारे तरुण होते, तर हंसा वाडकर ‘रामजोशी’ (१९४७) मुळे ख्यातनाम झालेल्या अभिनेत्री होत्या. निरनिराळ्या वळणांच्या कलावंतांना एका चित्रपटात सामावून घेण्याची परांजपे यांची हातोटी येथपासूनच दिसू लागते.

३. तिघांचे सहकार्य : संस्थेला पर्याय

परांजपे यांच्या कारकिर्दीचे केंद्र म्हणजे ग. दि. माडगूळकर (१९१९–१९७७) आणि सुधीर फडके (१९१९–२००२) यांच्याशी जुळलेले त्यांचे नाते. माडगूळकर पटकथा, संवाद व गीते लिहीत, प्रसंगी भूमिकाही करीत. फडके संगीत देत व गात. परांजपे दिग्दर्शन करीत आणि अनेकदा प्रमुख वा महत्त्वाची भूमिका स्वतःच साकारीत. फडके यांनी प्रभातच्या ‘गोकुळ’ (१९४६) या चित्रपटाला संगीत दिले होते. माडगूळकर यांचा चित्रपटाशी संबंध ‘ब्रह्मचारी’ (१९३८) पासूनचा होता. म्हणजे हे दोघेही जुन्या चित्रसंस्थांच्या अंगणात शिकलेले होते.

या तिघांच्या मैत्रीविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. परंतु मैत्रीपलीकडे या सहकार्याला व्यावहारिक अर्थही होता. कायमस्वरूपी स्टुडिओ नसलेल्या दिग्दर्शकाला प्रत्येक चित्रपटासाठी नवा निर्माता शोधावा लागतो, नव्या जागेत चित्रीकरण करावे लागते आणि थोड्या दिवसांत काम संपवावे लागते. अशा वेळी लेखक, संगीतकार व दिग्दर्शक यांची भाषा एक असेल तर वेळ आणि पैसा दोन्ही वाचतात. लेखकाला कोणता नट कोणते वाक्य कसे म्हणेल हे ठाऊक असते, संगीतकाराला गीताचा प्रसंग समजावून सांगावा लागत नाही. जे काम पूर्वी संस्था करीत असे ते काम येथे परस्परविश्वासाने होऊ लागले. म्हणूनच या त्रयीला ‘भिंती नसलेली संस्था’ असे म्हणता येईल.

‘लाखाची गोष्ट’ (१९५२) हे या सहकार्याचे उत्तम फळ होय. ठरावीक मुदतीत एक लाख रुपये खर्च करून दाखवायचे, ही त्यातील अट. या कल्पनेचे साम्य ‘ब्रूस्टर्स मिलियन्स’ या १९०२ मधील अमेरिकन कादंबरीशी आहे. परंतु चित्रपटाचे विश्व पूर्णपणे मराठी मध्यमवर्गाचे आहे. काटकसर हा ज्या समाजाचा स्वभाव, त्या समाजातील कलावंत तरुणाला पैसा उधळण्याची सक्ती होते आणि ते त्याला जमत नाही. विनोद घडतो तो या स्वभावविरोधातून. राजा गोसावी (१९२५–१९९८) यांना या चित्रपटाने नायक म्हणून स्थिर केले, तर चित्रा आणि रेखा या भगिनींचे नायिका म्हणून पदार्पण झाले. नायक असलेले गोसावी स्वतःच्याच चित्रपटाची तिकिटे चित्रगृहाच्या खिडकीवर विकत होते, ही आठवण मराठी चित्रसृष्टीत आवर्जून सांगितली जाते. ती केवळ गंमत म्हणून पाहता येणार नाही. पडद्यावर लाख रुपये खर्चणाऱ्या नायकाला पोटासाठी तिकीटखिडकीवर बसावे लागते, यात त्या काळातील मराठी चित्रव्यवसायाचे संपूर्ण अर्थशास्त्र सामावलेले आहे.

४. शीर्षकांतील लोकभाषा

परांजपे यांच्या चित्रपटांच्या शीर्षकांकडे अभ्यासकांचे फारसे लक्ष गेलेले नाही. ‘पेडगावचे शहाणे’ (१९५२), ‘गंगेत घोडं न्हालं’ (१९५५), ‘आंधळा मागतो एक डोळा’ (१९५६), ‘गाठ पडली ठका ठका’ (१९५६), ‘आधी कळस मग पाया’ (१९६१) ही नावे एकत्र वाचली असता ती म्हणी, वाक्प्रचार किंवा त्यांची उलथापालथ यांतून घडली आहेत हे ध्यानात येते.

याला दोन कारणे संभवतात. पहिले कारण व्यावहारिक आहे. जाहिरातीवर मोठा खर्च करणे शक्य नसलेल्या चित्रपटाला असे नाव हवे असते की जे प्रेक्षकाच्या तोंडी आधीपासूनच आहे. म्हण ही फुकट मिळालेली जाहिरात असते. दुसरे कारण आशयाशी निगडित आहे. म्हण उच्चारली की अर्धी गोष्ट सांगून होते आणि उरलेली अर्धी ऐकण्याची उत्सुकता निर्माण होते. ‘आंधळा मागतो एक डोळा’ असे म्हटल्यावर देव दोन देतो हे मराठी माणसाला सांगावे लागत नाही. ते कसे देतो एवढेच पाहावयाचे असते. ‘आधी कळस मग पाया’ या नावात तर रूढ क्रमच उलटविला आहे आणि ते ऐकताच काहीतरी विपरीत घडणार याची सूचना मिळते.

‘पेडगावचे शहाणे’ या चित्रपटात ही युक्ती सर्वाधिक अर्थपूर्ण झाली आहे. वेड घेऊन पेडगावला जाणे म्हणजे सर्व कळत असूनही न कळल्याचे सोंग करणे. वेडा कोण आणि शहाणा कोण, हा प्रश्न चित्रपट हसत हसत विचारतो. परांजपे यांनी साकारलेले काका शहाणे हे पात्र प्रेक्षकांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिले. विनोदाचा उपयोग समाजातील तथाकथित शहाणपणाची परीक्षा घेण्यासाठी करणे, ही मराठी विनोदी साहित्याची परंपरा येथे पडद्यावर आलेली दिसते.

५. ‘ऊन पाऊस’ : वार्धक्याचा प्रश्न

परांजपे यांना केवळ विनोदी चित्रपटांचे दिग्दर्शक समजणे अपुरे ठरेल. ‘ऊन पाऊस’ (१९५४) हा चित्रपट त्याची साक्ष देतो. आयुष्यभर विद्यार्थी घडविणारा शिक्षक आणि त्याची पत्नी यांची उतारवयात स्वतःच्याच मुलांकडून होणारी उपेक्षा हा त्याचा विषय. शिक्षकाची भूमिका परांजपे यांनी स्वतः केली, तर पत्नीची भूमिका सुमती गुप्ते यांनी केली.

हा विषय त्या काळी जगभरातील दिग्दर्शकांना भिडला होता. लिओ मॅकॅरी यांनी ‘मेक वे फॉर टुमारो’ (१९३७) मध्ये, तर यासुजिरो ओझू यांनी ‘टोकियो स्टोरी’ (१९५३) मध्ये वृद्ध दांपत्य व मुले यांच्यातील दुरावा चित्रित केला. शहरीकरण, नोकरीनिमित्त होणारे स्थलांतर आणि विभक्त होत जाणारे कुटुंब हे या सर्वांमागचे समान सामाजिक वास्तव होय. मात्र प्रत्येक समाजात त्याची वेदना निराळी असते. मराठी समाजात शिक्षक हा ‘गुरुजी’ म्हणून गावाचा वडीलधारा असतो. ज्याला सारे गाव वाकून नमस्कार करते त्याला घरात जागा उरत नाही, ही विसंगती ‘ऊन पाऊस’च्या करुणेला धार देते. शिक्षकी पेशातील वाचकाला तर हा चित्रपट विशेष जवळचा वाटेल.

येथे आणखी एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. ही भूमिका केली तेव्हा परांजपे यांचे वय अवघे चव्वेचाळीस होते. स्वतःच्या वयापेक्षा कितीतरी मोठ्या माणसाचा थकवा, संकोच आणि मान त्यांनी दाखविला. तीन वर्षांनी, १९५७ मध्ये, बर्गमन यांनी ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ हा वृद्ध प्राध्यापकाच्या आत्मशोधाचा चित्रपट केला, तेव्हा प्रमुख भूमिकेसाठी त्यांनी व्हिक्टर स्यॉस्ट्रॉम या जुन्या पिढीतील ज्येष्ठ दिग्दर्शकाला पाचारण केले. एका देशात दिग्दर्शकाला आपल्या पूर्वसूरीला सन्मानाने पडद्यावर आणणे शक्य झाले. दुसरीकडे दिग्दर्शकाने ते वार्धक्य स्वतःच्याच अंगावर घेतले.

६. स्वीडनमधील चित्र : एक तुलना

१९५० च्या सुमारास स्वीडनची लोकसंख्या सुमारे ७० लाख होती. १९६१ च्या जनगणनेनुसार मराठी भाषकांची संख्या ३ कोटी ३० लाखांच्या घरात होती. तेव्हा ‘भाषेचा प्रेक्षक लहान’ हे मराठी चित्रपटाच्या अडचणींचे नेहमी सांगितले जाणारे कारण पुरेसे नाही, हे उघड आहे.

बर्गमन यांच्या पाठीशी स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्री ही १९१९ पासून कार्यरत असलेली चित्रसंस्था होती. तेथे पटकथालेखक म्हणून त्यांनी उमेदवारी केली आणि १९४६ मध्ये ‘क्रायसिस’ हा पहिला चित्रपट दिग्दर्शित केला. त्यांचे आरंभीचे अनेक चित्रपट फारसे यशस्वी नव्हते, तरी त्यांना पुढील संधी मिळत राहिली. १९५२ ते १९५८ या काळात ते माल्मो येथील नगरनाट्यगृहात दिग्दर्शक होते. हिवाळ्यात नाटक आणि उन्हाळ्यात चित्रपट असा क्रम त्यांनी ठेवला. नाट्यगृहातील नटसंच बहुतांशी तोच चित्रपटात असे. म्हणजे परांजपे यांच्याप्रमाणेच बर्गमन यांचीही ताकद एकत्र काम करणाऱ्या माणसांत होती. फरक एवढाच की त्यांच्या माणसांना वर्षभर वेतन देणारी व्यवस्था होती.

तेथेही सर्व आलबेल नव्हते. करमणूक कराच्या बोज्याच्या निषेधार्थ १९५१ मध्ये स्वीडिश निर्मात्यांनी चित्रनिर्मिती बंद ठेवली आणि त्या काळात बर्गमन यांना साबणाच्या जाहिराती कराव्या लागल्या. परंतु त्या संघर्षातून पुढे धोरण आकारास आले. १९६३ मध्ये स्वीडिश चित्रपट संस्था स्थापन झाली, करमणूक कर रद्द झाला आणि तिकिटाच्या रकमेतील दहा टक्के भाग या संस्थेमार्फत चित्रपटासाठीच वापरला जाऊ लागला. महाराष्ट्रात मराठी चित्रपटांसाठी करमणूक कर परताव्याची योजना १९७५ मध्ये आली. तोपर्यंत परांजपे यांच्या दिग्दर्शनाचा बहराचा काळ उलटून गेला होता.

या तुलनेतील सर्वांत बोलका प्रसंग १९५८ च्या बर्लिन महोत्सवातील आहे. त्या वर्षी ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ला सुवर्ण अस्वल मिळाले आणि त्याच महोत्सवात व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटालाही रौप्य अस्वल लाभले. शांतारामांच्या या चित्रपटाचे लेखक होते ग. दि. माडगूळकर. म्हणजे परांजपे यांच्या त्रयीतील लेखणी बर्गमन यांच्या शेजारी जाऊन पोहोचली होती. ती पोहोचली हिंदी भाषेतून आणि राजकमलसारख्या स्वतःचा स्टुडिओ असलेल्या संस्थेच्या बळावर. गुणवत्ता तीच होती. तिला वाहून नेणारे वाहन मराठी चित्रपटापाशी नव्हते.

७. साठच्या दशकातील वळण

‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) या चित्रपटात परांजपे यांनी परिस्थितीच्या रेट्याने भटकत राहिलेल्या साध्या माणसाची भूमिका केली. सीमा यांनी अंध तरुणीची भूमिका केली. चार्ली चॅप्लिन यांच्या ‘सिटी लाइट्स’ (१९३१) ची आठवण यावी असे हे नाते आहे. हास्य आणि कारुण्य यांची सीमारेषा पुसट करणे ही परांजपे यांची खासियत येथे परिपक्व झालेली दिसते. माडगूळकर-फडके यांची या चित्रपटातील गीते आजही घरोघरी ऐकली जातात.

‘सुवासिनी’ (१९६१) नंतर आलेला ‘हा माझा मार्ग एकला’ (१९६३) हा चित्रपट राष्ट्रपतींच्या रौप्यपदकाचा मानकरी ठरला. त्यातील बालकलाकार सचिन पुढे स्वतः दिग्दर्शक झाले. पाठोपाठ ‘पाठलाग’ (१९६४) या चित्रपटालाही राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. सलग दोन वर्षे हा सन्मान मिळविणारे हे चित्रपट परस्परांहून अगदी भिन्न आहेत. पहिला भावनाप्रधान, दुसरा रहस्यप्रधान.

‘पाठलाग’ हा जयंत देवकुळे यांच्या ‘आशा परत येते’ या कादंबरीवर आधारित होता. काशिनाथ घाणेकर व भावना यांच्या त्यात प्रमुख भूमिका होत्या. गीते माडगूळकरांची असली तरी संगीत दत्ता डावजेकर यांचे होते. पुढील वर्षीच्या ‘पडछाया’ (१९६५) या चित्रपटाचे संगीतही डावजेकर यांनीच दिले. त्रयीची रचना आता बदलू लागली होती. ‘पाठलाग’चे तमिळमध्ये ‘इदय कमलम्’ (१९६५) आणि हिंदीत ‘मेरा साया’ (१९६६) असे पुनर्निर्माण झाले. ‘मेरा साया’ देशभर गाजला. मूळ मराठी चित्रपटाचे नाव मात्र मराठी प्रेक्षकांपुरतेच राहिले.

याच सुमारास मराठी प्रेक्षकांची अभिरुचीही बदलत होती. अनंत माने यांच्या ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) या तमाशाप्रधान चित्रपटाने पुण्यात १३१ आठवडे मुक्काम ठोकला होता. ग्रामीण आणि तमाशाप्रधान चित्रपटांकडे निर्मात्यांचा ओढा वाढला आणि शहरी मध्यमवर्ग हिंदी रंगीत चित्रपटांकडे वळू लागला. ‘गुरुकिल्ली’ (१९६६) नंतरच्या काळात परांजपे यांच्या दिग्दर्शनाचा वेग मंदावला. ज्या प्रेक्षकवर्गाच्या घरातील प्रश्न त्यांनी पडद्यावर मांडले तोच वर्ग चित्रगृहातून हळूहळू उठून गेला, असे म्हणावे लागते.

८. वारसा : काय टिकले, काय हरवले

परांजपे यांच्या हाताखाली पुढील पिढी घडली. ‘आंधळा मागतो एक डोळा’मधून रमेश देव यांना ठळक संधी मिळाली. राजा ठाकूर आणि राजदत्त यांनी त्यांच्याकडे सहायक म्हणून काम केले. राजदत्त यांनी तर आपल्या गुरूचे नाव आणि स्वतःचे दत्तात्रय हे नाव यांच्या संयोगातून चित्रपटासाठी नवे नाव धारण केले. राजदत्त यांनी १९८६ मध्ये ‘पुढचं पाऊल’ याच शीर्षकाचा, हुंड्याच्या प्रश्नावरील चित्रपट केला. २०२४ मध्ये त्यांना पद्मभूषण जाहीर झाले. संस्थेविना चाललेल्या या गुरुशिष्यपरंपरेने प्रभातसारख्या प्रशिक्षणाचे काम काही अंशी पुढे नेले.

दुसरीकडे, प्रेक्षकांच्या स्मरणात चित्रपटाचे तुकडे झाले. गीते वेगळी झाली आणि ती ‘गदिमां’ची, ‘बाबूजीं’ची म्हणून आकाशवाणीवरून, ध्वनिमुद्रिकांतून व कार्यक्रमांतून जगली. १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून प्रसारित झालेल्या ‘गीतरामायणा’ने कवी व संगीतकार यांना घराघरांत नेले. दिग्दर्शकाचे काम मात्र चित्रपटापासून वेगळे काढता येत नाही. चित्रपट पाहिला गेला नाही तर ते दिसत नाही. त्यामुळे एकाच सहकार्यातील दोघे चिरस्मरणीय झाले आणि तिसरा केवळ नामस्मरणापुरता उरला. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ मध्ये झाली, तेव्हा परांजपे यांचे बहुतेक महत्त्वाचे चित्रपट येऊन गेले होते. त्यांच्या प्रतींचे जतन ही नंतर करावयाची गोष्ट ठरली.

समारोप

उपरोक्त विवेचनावरून काही निष्कर्ष काढता येतात. राजा परांजपे यांचे कर्तृत्व एकट्या प्रतिभावंताच्या कल्पनेतून समजत नाही. संस्था कोसळत असताना त्यांनी माणसांची मोट बांधली आणि सुमारे दोन दशके मराठी चित्रपट उभा ठेवला. त्यांच्या चित्रपटांतील घरगुती वातावरण, म्हणींची शीर्षके, मोजका पसारा आणि अभिनयावरील भर ही वैशिष्ट्ये अभिरुचीइतकीच परिस्थितीतूनही आली आहेत. परिस्थितीने घातलेल्या मर्यादांना त्यांनी शैलीचे रूप दिले. तथापि माणसांच्या बळावर उभी राहिलेली व्यवस्था माणसांच्या वयाबरोबरच थकते. तिला धोरणाचा आधार वेळीच मिळाला नाही.

हा विषय केवळ इतिहासाचा नाही. पदवी व पदव्युत्तर स्तरावरील मराठीच्या अध्यापनात ‘साहित्य आणि चित्रपट’ किंवा ‘माध्यमांतर’ हे घटक येतात. तेथे कादंबरीवरून चित्रपट शिकविताना ‘आशा परत येते’ ते ‘पाठलाग’ ते ‘मेरा साया’ असा प्रवास विद्यार्थ्यांसमोर ठेवता येईल. म्हणी व वाक्प्रचार शिकविताना परांजपे यांची शीर्षके उपयोगी पडतील. जव्हार-मोखाड्यासारख्या डोंगराळ तालुक्यांतील जे विद्यार्थी आपापल्या पाड्यावर वारली, कोकणा वा अन्य बोली बोलतात, त्यांना ‘लहान भाषेतही पूर्ण ताकदीचे काम उभे राहू शकते, मात्र त्यासाठी सोबतीची माणसे आणि जतनाची सोय लागते’ हा धडा प्रमाण मराठी भाषकांपेक्षाही अधिक जवळचा आहे. महाविद्यालयांनी आपापल्या ग्रंथालयांत या चित्रपटांच्या उपलब्ध प्रती मिळवून वर्षातून निदान एकदा त्यांतील एखादा चित्रपट सलग दाखवावा आणि त्यावर चर्चा घडवून आणावी. गीतांमुळे ऐकू येणारा हा दिग्दर्शक त्यामुळे पुन्हा दिसू लागेल.